टॉमी कूपरचे प्रयोग का फसायचे?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे: टॉमी कूपर नावाच्या ब्रिटिश कलाकाराचे जुने टीव्ही कार्यक्रम नेटवर पाहिले. लाल फेज (गोंड्याची तुर्की टोपी) घातलेला धिप्पाड माणूस, एकही प्रयोग धड होत नाही, तरी प्रेक्षक हसून हसून गडाबडा लोळतायत. हा खरा जादूगार होता का? असल्या कामावर तीस-पस्तीस वर्षं टीव्हीवर कसा टिकला? आणि मी वाढदिवसांना छोटे जादूचे कार्यक्रम करतो, तर मला त्यातलं काही उचलता येईल का?

पहिल्याचं उत्तर लगेच देतो. हो, खरा जादूगार होता. लंडनच्या मॅजिक सर्कल या जादूगारांच्या संस्थेचा सभासद होता आणि सरळमार्गी जादू करणारे तिथले लोक त्याला मानायचे. ब्रिटिश म्युझियमसमोर डेव्हनपोर्ट्स हे जादूच्या सामानाचं नावाजलेलं दुकान होतं, तिथलं तो नेहमीचं गिऱ्हाईक. ज्याला प्रयोग येत नाही तो माणूस फसतो तेव्हा लोक हसत नाहीत, अवघडतात. घड्याळ बघतात, शेजारच्याशी बोलायला लागतात. गॅदरिंगला पहिल्यांदा उभा राहिलेला मुलगा फसतो तेव्हा सभागृहात जी शांतता पसरते, ती आमच्या धंद्यातल्या प्रत्येकाने ऐकलेली आहे. कूपर फसल्यावर अशी शांतता कधी पसरत नाही. कारण तो फसत नाही, फसवणूक फसल्याचं दाखवतो. त्याला दुप्पट तालीम लागते.

त्याचा बाटली आणि ग्लासचा प्रयोग घ्या. मूळ प्रयोग फार जुना आहे, जादूचं सामान विकणाऱ्या कुठल्याही चांगल्या दुकानात मिळेल. टेबलावर एक बाटली, एक ग्लास आणि दोन पोकळ नळकांडी. दोन्हींवर नळकांडी ठेवायची, मंत्र टाकायचा, उचलायची. बाटलीच्या जागी ग्लास आणि ग्लासच्या जागी बाटली. (कसं होतं ते इथे सांगणार नाही, विचारूही नका.) कूपर काय करतो? बाटली, ग्लास, ग्लास, बाटली अशी भराभर ओळख करून देतो. झाकतो. दोघांच्या जागा बदलल्या म्हणून जाहीर करतो. आणि मग सांगतो की खरं अवघड काम पुढे आहे, त्यांना परत आपापल्या जागी आणायचं. नळकांडी उचलतो. बाटली होती तिथेच, ग्लास होता तिथेच.

आता हे नीट बघा. या विनोदात काहीही फसलेलं नाही. त्याचं म्हणणं तुम्हाला खोडून काढता येणार नाही. जागा बदलल्या होत्या, परत आल्या, तुम्ही बघितलं नाहीत हा तुमचा प्रश्न. पण तो चालतो कारण हा प्रयोग काय होता हे त्या काळच्या ब्रिटिश प्रेक्षकाला आधीपासून ठाऊक होतं. प्रयोग कुठे पोचायला हवा हे लोकांना माहीत असेल तरच तो तिथे पोचला नाही याची गंमत. म्हणून कूपरच्या टेबलावर नेहमी ओळखीचं सामान दिसतं: छडी, रुमाल, अंडं, पत्ते, फुलदाणी. नवलाईची, कधी न पाहिलेली वस्तू त्याने फसवून दाखवली असती तर लोकांना कळलंच नसतं की फसलं.

दुसरी गोष्ट वेगाची. एक प्रयोग फसला की तो थांबून खुलासा देत नाही. वस्तूकडे बघतो, एक बारीकसा हुंकार, खोकल्यासारखं हसू, हशा उतरायच्या आत हात पुढच्या वस्तूवर. तिसरी गोष्ट, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची: मधूनच एखादा प्रयोग अगदी लख्ख जमतो. हातचलाखी म्हणून निर्दोष. त्या वेळी प्रेक्षकांपेक्षा जास्त आश्चर्य त्याच्याच चेहऱ्यावर असतं. तो एक प्रयोग नसता तर बाकीच्या नऊंची किंमत शून्य होती. त्या एकामुळे कळतं की या माणसाला सगळं येतंय.

फसणाऱ्या जादूगाराचं सोंग त्याने शोधून काढलं, असं कुणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका. अमेरिकेत कार्ल बॅलेंटाइन १९४० च्या दशकातच हे करत होता, आणि म्युझिक हॉल म्हणजे ब्रिटनमधल्या जुन्या करमणुकीच्या थिएटरांत विनोदी जादूगार त्याच्याही आधीपासून होते. पण बॅलेंटाइन हा चटपटीत, बोलघेवडा. आपण फसतोय हे त्याला ठाऊक असतं आणि त्याची पर्वाही नसते. कूपरचं पात्र मनापासून प्रयत्न करतं. सहा फूट चार इंच उंची, तेरा नंबरचे बूट, त्यावर फेज टोपी, आणि एवढ्या मोठ्या देहात काहीतरी जमवायची लहान मुलाची धडपड. हे सोंग दुसऱ्या कुणाला शोभलं नसतं.

आता तो इथवर आला कसा ते सांगतो, कारण कारकिर्दीचं गणित त्यातच आहे.

जन्म १९ मार्च १९२१, वेल्समधलं केर्फिली. वडील वेल्सचे, आई इंग्लंडमधल्या डेव्हनची. टॉमी तीन वर्षांचा असताना कुटुंब डेव्हनमधल्या एक्सेटरला गेलं. आठव्या वर्षी मावशीने जादूच्या खेळांची पेटी दिली. पुढे साउदॅम्प्टनजवळच्या हाइदला जहाजबांधणीच्या कारखान्यात उमेदवारी करत असताना कँटीनमध्ये पहिला कार्यक्रम केला, घाबरला, सगळं उलटंपालटं झालं आणि कामगार हसत सुटले. हा किस्सा तो स्वतः पुढे सांगायचा. कलाकार आपल्या सुरुवातीचे किस्से नंतर घासूनपुसून सांगतात, त्यामुळे मी त्याला फार महत्त्व देत नाही. पण त्या पोराला त्या दिवशी कळलं असणार की लोक कशाला हसतात.

१९४० मध्ये रॉयल हॉर्स गार्ड्समध्ये भरती. सात वर्षं सैन्यात, त्यातला मोठा काळ इजिप्तमध्ये. तिथे सैनिकांसाठी होणाऱ्या करमणुकीच्या कार्यक्रमांत तो जादू करायचा. एकदा कैरोमध्ये एका प्रहसनात घालायची हॅट आणायची राहिली, म्हणून जवळून चाललेल्या वेटरच्या डोक्यावरची फेज काढून स्वतःच्या डोक्यावर ठेवली आणि प्रचंड हशा आला. ती टोपी मग आयुष्यभर उतरली नाही. सैन्याच्या याच कार्यक्रमांच्या निमित्ताने ग्वेन भेटली, १९४७ च्या फेब्रुवारीत सायप्रसमधल्या निकोसियाला लग्न झालं. तो तिला ‘डव्ह’ म्हणजे कबूतर म्हणायचा. जादूगाराने बायकोला ठेवायचं नाव म्हणून हे मला फार आवडतं.

सैन्यातून सुटला तो थेट धंद्यात. त्याच वर्षी बीबीसीच्या चाचणीला गेला, तिथल्या शेऱ्यात त्याच्या रूपाबद्दल आणि अस्पष्ट बोलण्याबद्दल वाईट लिहिलं गेलं. तरीही १९४७ च्या नाताळच्या आदल्या रात्री तो बीबीसीच्या पडद्यावर एका नाताळ कार्यक्रमात दिसला. म्हणजे टीव्हीशी त्याचं नातं अगदी पहिल्या वर्षापासूनचं. त्या वेळी ब्रिटनमध्ये टीव्ही संच फार थोड्या घरांत होते, त्यामुळे त्याने पोट भरणार नव्हतं. पोट भरायचं व्हरायटीवर.

व्हरायटी म्हणजे काय हे तुमच्या वयाच्या माणसाला सांगायला हवं. गणेशोत्सवात मांडवात ‘व्हरायटी एंटरटेनमेंट’ म्हणून जे व्हायचं, एक गायक, मग मिमिक्री, मग नाच, मग जादू, मध्ये निवेदक, तेच तिकीट लावून, पक्क्या थिएटरात, वर्षभर. मॉस एम्पायर्ससारख्या कंपन्यांची थिएटरं गावोगावी होती. सोमवार ते शनिवार एका गावात, रोज रात्री दोन खेळ, रविवारी आगगाडी, पुढच्या सोमवारी दुसरं गाव. प्रत्येकाच्या वाट्याला आठ-दहा-बारा मिनिटं. त्या मिनिटांत जे करायचं ते इतकं घासलेलं असायचं की झोपेतून उठवलं तरी करून दाखवतील. आणि तेच दहा मिनिटांचं काम पाच-पाच, दहा-दहा वर्षं चालायचं, कारण लीड्सच्या माणसाने बघितलेलं ब्रिस्टलच्या माणसाने बघितलेलं नसायचं.

कूपरची खरी घासाघीस झाली ती मात्र लंडनच्या विंडमिल थिएटरात, १९४० च्या दशकाच्या अखेरीला. पिकॅडिली सर्कसजवळचं हे थिएटर विवस्त्र मुलींच्या निश्चल दृश्यांसाठी प्रसिद्ध होतं. दुपारपासून रात्रीपर्यंत खेळ. प्रेक्षक मुली बघायला आलेले, विनोदी नट म्हणजे दोन दृश्यांमधला खोळंबा. पुढच्या रांगेतला माणूस उठला की मागचे खुर्च्या ओलांडत पुढे यायचे, आणि त्या गोंधळात तुम्ही हसवायचं. त्या काळात तो जोडीला कॅबरेही करायचा, आणि एका आठवड्यात तर त्याने ५२ खेळ केले. पीटर सेलर्स, टोनी हॅनकॉक, हॅरी सेकम हे पुढे गाजलेले विनोदी नटही याच भट्टीतून निघाले. ज्याने विंडमिलमध्ये हशा मिळवला त्याला पुढे कुठल्याच प्रेक्षकाची भीती वाटली नसेल, असं वाटेल. कूपरच्या बाबतीत ते खरं नाही. त्याला शेवटपर्यंत स्टेजवर जायच्या आधी भीती वाटायची. त्याच्या दारूच्या सवयीचं एक मूळ तिथे आहे.

१९४७ मध्येच आणखी एक माणूस त्याच्या आयुष्यात आला, तो म्हणजे मिफ फेरी. मूळचा ट्रॉम्बोन वाजवणारा, बँडवाला, आणि मग कूपरचा एकमेव एजंट. ही जोडी कूपरच्या मृत्यूपर्यंत, म्हणजे ३७ वर्षं टिकली आणि त्यातली बरीच वर्षं दोघं एकमेकांवर करवादत होते. फेरी शिस्तीचा, कागदाला कागद लावणारा. कूपर उशिरा येणारा, पैशाला चिकट. टॅक्सीतून उतरताना ड्रायव्हरच्या खिशात काहीतरी सरकवून ‘एक पेग माझ्याकडून’ म्हणायचा आणि ड्रायव्हरने खिसा चाचपला तर आत चहाची पुडी, हा त्याचा सगळ्यात जास्त सांगितला जाणारा किस्सा. पण मला विचाराल तर त्याची कारकीर्द टिकवण्यात फेरीचा हात फार मोठा होता. हसवणाऱ्याला त्याच्या वतीने नाही म्हणणारा कुणीतरी लागतो. आपल्याकडे किती चांगले कलाकार येईल ती सुपारी घेऊन संपले ते तुम्ही बघितलंच असेल.

टीव्हीकडे येऊ. १९५२ मध्ये बीबीसीवर ‘इट्स मॅजिक’ ही त्याची स्वतःची पहिली मालिका आली. १९५५ मध्ये ब्रिटनमध्ये जाहिरातींवर चालणारं आयटीव्ही सुरू झालं आणि सगळं चित्र पालटलं. रविवारी रात्री लंडन पॅलेडियम या थिएटरातून थेट प्रक्षेपण सुरू झालं, घराघरांत संच आले आणि गावोगावची व्हरायटी थिएटरं धडाधड बंद पडायला लागली. ज्या माध्यमाने या कलाकारांना प्रसिद्धी दिली त्यानेच त्यांची रोजची जागा काढून घेतली. त्याहून वाईट म्हणजे दहा वर्षं पुरणारं दहा मिनिटांचं काम एका रात्रीत सगळ्या देशाने बघितलं. पुढच्या आठवड्यात काय करणार? चांगले चांगले लोक इथे गारद झाले.

कूपर इथे का टिकला, हा तुमच्या प्रश्नाचा गाभा. माझं उत्तर असं की टीव्हीने त्याचं सामान खाल्लं, पण त्याला खाता आलं नाही. लोक प्रयोग बघायला बसत नव्हते. तोच प्रयोग पाचव्यांदा केला तरी या खेपेला याची कशी त्रेधा उडते, हे बघायला बसत होते. टोप्यांचा प्रयोग घ्या. एक खोकं भरून टोप्या. गोष्ट सांगायची आणि दर ओळीला पात्र बदललं की टोपी बदलायची. खलाशी, पोलीस, शिपाई, बाई. हळूहळू टोप्यांची सरमिसळ होते, हवी ती सापडत नाही, पोलिसाच्या टोपीतून बाईचं वाक्य निघतं, तो मागे जातो, पुन्हा सुरू करतो. हा प्रयोग त्याने वर्षानुवर्षं केला. लोकांना पाठ होता. तरीही तो नवा वाटायचा, कारण त्या खोक्यात शोधणाऱ्या चेहऱ्यावरची तारांबळ प्रत्येक वेळी खरी वाटायची.

आणि एक तांत्रिक गोष्ट, जी जादूगार नसलेल्यांच्या लक्षात येत नाही. कॅमेरा हा आमचा शत्रू. स्टेजवर मी तुमची नजर माझ्या उजव्या हाताकडे वळवू शकतो. कॅमेरा जवळ आला की तो डावा हात टिपतो, आणि आजकाल तर लोक थांबवून, मागे नेऊन बघतात. त्याच काळात ब्रिटिश टीव्हीवर डेव्हिड निक्सन हा अत्यंत सुबक, सभ्य, नेटका जादूगार होता. त्याला कॅमेऱ्याशी सांभाळून राहावं लागायचं. कूपरला कॅमेरा हातांवर गेला काय, टेबलाखाली गेला काय, काही फरक पडत नव्हता. आणि चेहऱ्यावर गेला तर सोन्याहून पिवळं, कारण प्रयोग तिथेच चाललेला असायचा. टेबलावरची वस्तू शोधणारे ते मोठे डोळे पॅलेडियमच्या शेवटच्या रांगेतून दिसत नसतील. घरच्या पडद्यावर दिसायचे.

१९६६ ते १९६९ ‘लाइफ विथ कूपर’, मग थेम्स टेलिव्हिजनवर १९७३ ते १९७५ ‘द टॉमी कूपर अवर’. हा त्याचा बहराचा काळ. ‘जस्ट लाइक दॅट’ हे त्याचं पालुपद आणि दोन्ही पंजे पुढे करून झटकायची लकब शाळेतली पोरं करायची. राजघराण्यापुढच्या रॉयल व्हरायटी परफॉर्मन्सलाही त्याची हजेरी असायची. थिएटरांच्या जागी उत्तर इंग्लंडमध्ये मोठमोठे क्लब निघाले होते. यॉर्कशरच्या बॅटली गावातला व्हरायटी क्लब १९६७ मध्ये उघडला आणि पुढच्याच वर्षी तिथे लुई आर्मस्ट्राँग गायला आला, यावरून त्या क्लबांकडे पैसा किती होता ते कळेल. टीव्हीवरच्या चेहऱ्याला क्लबात चांगली बिदागी मिळायची. उन्हाळ्यात ब्लॅकपूलसारख्या समुद्रकाठच्या गावांत मुक्काम, नाताळात पँटोमाइम, म्हणजे लहान मुलांची गाण्याविनोदांची नाटकं. टीव्ही नाव द्यायचा, पैसे बाहेर मिळायचे. आपल्याकडच्या मालिकांतल्या नटांना हे सांगायला नको.

विनोद सुचतात कुठून, असंही कुणी विचारेल. २०१६ मध्ये लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियमने त्याचा सगळा संग्रह घेतला. कागद आणि सामान मिळून ११६ खोकी भरली. त्यात त्याची विनोदांची कपाटं होती: प्रत्येक विनोद टंकलेला, विषयवार, वर्णानुक्रमे लावलेला. लायब्ररीतला माणूस कार्ड लावतो तसं काम. स्टेजवर ज्याला टोपी सापडत नाही, त्या माणसाला घरी हव्या त्या विषयावरचा विनोद क्षणात सापडत होता. विकत घेतलेले, पुस्तकांतून टिपलेले, दुसऱ्यांनी लिहून दिलेले, सगळे एकत्र. तरुण जादूगारांना मी टाळ्यांचे व्हिडिओ दाखवण्याऐवजी या कपाटांबद्दल सांगतो.

१९७० च्या दशकाच्या मध्यापासून उतरण लागली. दारू वाढली होती. क्लबवाले तक्रार करायला लागले की उशिरा येतो, पाच मिनिटांत उरकतो. पाठ, पाय, छाती, सगळ्याची दुखणी. एप्रिल १९७७ मध्ये रोमला कार्यक्रमासाठी गेला असताना हृदयविकाराचा झटका आला. तीन महिन्यांत तो पुन्हा टीव्हीवर होता. दारू कमी केली, सोडली मात्र नाही. १९८० नंतर थेम्सने त्याला स्वतंत्र मालिका दिली नाही.

याच उतरणीतली एक घटना मी माझ्याकडे शिकायला येणाऱ्यांना नेहमी सांगतो. मायकल पार्किन्सनच्या मुलाखतीच्या कार्यक्रमात कूपरने गिलोटीनचा प्रयोग केला. पार्किन्सनची मान फळीत. त्या यंत्राला एक सुरक्षेचा खटका असतो, तो लावल्याशिवाय पातं सोडायचं नसतं. कूपर तो लावायला विसरला. फ्लोअर मॅनेजरच्या लक्षात आलं आणि तो मध्ये पडला म्हणून निभावलं. विचार करा: प्रेक्षकांना यातलं काय कळणार? विसरणं, चाचपडणं, सामान उलटं धरणं हेच तर त्याचं काम. ज्याचं सोंगच गोंधळाचं आहे, त्याचा खरा गोंधळ ओळखायला सेटवर दुसरा शुद्धीवरचा माणूस लागतो.

१५ एप्रिल १९८४, रविवार. लंडनच्या हर मॅजेस्टीज थिएटरमधून ‘लाइव्ह फ्रॉम हर मॅजेस्टीज’ हा कार्यक्रम लंडन वीकएंड टेलिव्हिजन थेट दाखवत होतं. निवेदक जिमी टारबक. कूपरचा प्रयोग असा होता की अंगावर एक मोठा झगा चढवायचा आणि त्यातून एकापेक्षा एक मोठ्या वस्तू काढायच्या. त्या वस्तू पडद्यामागून टारबक त्याच्या पायांमधून पुढे सरकवणार, शेवटी शिडीसुद्धा. साहाय्यक मुलीने झगा चढवायला मदत केली, हसून ती बाजूला झाली. कूपर मागे पडद्याला टेकून खाली बसला. मग घसरला. लोक हसले. टारबकला आणि मुलीलाही क्षणभर वाटलं की हे त्याने ऐन वेळी घातलेलं काहीतरी असणार. तो श्वासासाठी धडपडत होता आणि सभागृह हसत होतं. दिग्दर्शकाने वाद्यवृंदाला खूण केली, ठरलेला नसताना जाहिरातींचा ब्रेक घेतला.

पुढचं मला जास्त अस्वस्थ करतं. कार्यक्रम थांबला नाही. थेट प्रक्षेपण, वेळ भरायचा. पडदा ओढलेला, त्याच्या मागे कूपरला शुद्धीवर आणायचा प्रयत्न चाललेला, आणि पडद्याच्या पुढच्या चिंचोळ्या पट्टीत लेस डेनिस आणि डस्टिन जी या जोडीने आपलं विनोदी काम केलं, त्यानंतर हॉवर्ड कील गायला. वेस्टमिन्स्टर हॉस्पिटलला नेल्यावर त्याला मृत घोषित केलं. वय ६३. त्या रात्रीचं चित्रीकरण नेटवर फिरतं. अभ्यास म्हणून बघू नका. त्यात शिकण्यासारखं काही नाही.

याला एक उलटा जोड आहे, आणि तो आपल्या देशाच्या माणसाचा. एप्रिल १९५६ मध्ये बंगालचे प्रसिद्ध जादूगार पी. सी. सरकार लंडनला आले होते. बीबीसीच्या ‘पॅनोरमा’ या कार्यक्रमात त्यांनी करवतीने मुलगी कापायचा प्रयोग थेट प्रक्षेपणात केला. करवत फिरली, सरकारांनी मुलीचे हात चोळले, तिने प्रतिसाद दिला नाही. त्यांनी मान हलवली, तिच्या चेहऱ्यावर कापड टाकलं, आणि निवेदक रिचर्ड डिंबलबीने कार्यक्रम संपल्याचं सांगितलं. घाबरलेल्या लोकांच्या फोनने बीबीसीचे टेलिफोन अडकून पडले. मुलगी ठणठणीत होती. सरकारांच्या नाट्यगृहातल्या खेळांना त्याहून चांगली जाहिरात मिळाली नसती. सरकारांचा सगळा डौल, पगडी, गांभीर्य, यामुळे लोकांनी खोटं खरं मानलं. कूपरने तीसेक वर्षं जे कमावलं त्यामुळे लोकांनी खरं खोटं मानलं. दोघांनाही आपलं पात्र पूर्ण साधलं होतं. जादूगार म्हणून मी यापलीकडे काही म्हणू शकत नाही, आणि प्रेक्षकांना दोष तर मुळीच देणार नाही.

केर्फिलीला त्याचा पुतळा आहे, २००८ मध्ये अँथनी हॉपकिन्सच्या हस्ते अनावरण झालं. विनोदवीरांनीच मतं दिलेल्या २००५ च्या एका चाचणीत तो सहावा आला होता.

आता तुमच्या वाढदिवसांबद्दल. करा, पण जपून. आपल्याकडची सात-आठ वर्षांची पोरं प्रयोग फसला की हसत नाहीत, ‘काका फसले, काका फसले’ ओरडतात आणि एखादा पुढे येऊन तुमच्या बाहीत हात घालतो. तेव्हा कार्यक्रमाच्या सुरुवातीला तीन तरी प्रयोग चोख करा. एकदा तुमच्यावर विश्वास बसला की मग फसा. जो प्रयोग फसवायचा, तो आधी महिनोन् महिने सरळ करून हातात बसलेला असू दे. जो येत नाही त्याच्यावर विनोद करायला जाऊ नका, ते लगेच उघडं पडतं. फसताना मुलांकडे बघून कसनुसं हसू नका, वस्तूकडे बघा. दोष वस्तूचा. आणि मुलांना आधी कळू द्या की काय व्हायला हवं होतं: ‘आता या पिशवीतून अंडं निघणार’ हे दोनदा सांगा, मग रिकामी पिशवी दाखवा, मग अंडं तुमच्याच टोपीखालून निघू दे. कापाकापीचं, पात्याचं, आगीचं सामान मुलांच्या कार्यक्रमात गमतीसाठीही आणू नका. फेज टोपी घालू नका, ती त्याची आहे. तुमच्या अंगकाठीला आणि आवाजाला शोभेल असं काही तुम्हालाच शोधावं लागेल आणि त्याला वेळ जाईल. शेवटचा प्रयोग मात्र जमलाच पाहिजे, आणि तो केक यायच्या आधी. केक टेबलावर आला की मग पी. सी. सरकार आले तरी पोरं ढुंकून बघत नाहीत.